उठवणं राहिलं

१

नेर्मिनला एक खोड होती. कुठलीही गोष्ट पहिल्या खेपेला उत्तम झाली तरी ती म्हणायची, छान, आता अजून एकदा, नुसतं माझ्या समाधानासाठी. अनातोलियाच्या खेड्यापाड्यांतून माहितीपट काढत फिरण्यात तिची उमर गेली होती. लोकरीचे नमदे बडवणारे, सनईसारखा झुर्ना फुंकणारे, बाहुल्या नाचवणारे म्हातारे तिच्या समाधानासाठी एकच गोष्ट पुन्हा पुन्हा करत आणि वर तिलाच चहा पाजत. आपली कला टिकवायला अंकाराहून बाई आली आहे म्हटल्यावर नाही कोण म्हणणार?

या वेळी ती आजोळी आली होती. ओलुकबाशी हे सिवास शहराच्या वरच्या अंगाचं, हिवाळ्यात जगापासून तुटणारं गाव. आई लवकर गेली, तेव्हापासून नेर्मिनच्या सगळ्या सुट्ट्या इथे दुर्मुश मामाच्या घरी गेल्या होत्या. मामाच्या आधीची भावंडं पाळण्यातच दगावली, म्हणून याचं नाव दुर्मुश ठेवलं, म्हणजे राहिलेला. मामा राहिला, सत्तरी ओलांडून टुणटुणीत राहिला, आणि गावच्या खेळात दर हिवाळ्याला मरायचं काम नेमकं त्याच्याकडे आलं. गाव यावरून त्याला मनसोक्त चिडवायचं.

मेंढ्यांच्या पोटात कोकरं हलायला लागली की हा खेळ निघतो. मामा नमद्याचं जाड घोंगडं उलटं पांघरून, तोंडाला पीठ फासून, कमरेला घंटा बांधून खेळातला म्हातारा, कोसे, व्हायचा. त्याची तरुण नवरी म्हणजे बेकिर काका, मामाचा जन्माचा दोस्त. भरघोस मिश्यांवरून लाल ओढणी घेऊन तो असा लाजायचा की खऱ्या नवऱ्या मान खाली घालतील. दारोदार जायचं. म्हाताऱ्याने नवरीमागे धावायचं, धाप लागून दारातच कोसळायचं आणि मरायचं. नवरीने ऊर बडवायचा. मग घरच्या बाईने लोणी नाहीतर मूठभर बुलगुर, गव्हाचा भरडा, हातावर ठेवलं की नवरी प्रेताच्या तोंडात बेदाणा सरकवते, कानाशी वाकून काहीतरी कुजबुजते, आणि म्हातारा टुणकन उठून नाचतो. कानात काय सांगतात ते फक्त नवरीला ठाऊक. बेकिरला ते त्याच्या बापाने सांगितलं होतं.

दारोदार फिरत चित्रण करणं जमेना, म्हणून नेर्मिनने खेळ चौकात मांडला. बर्फ पांढरंशुभ्र होतं, ऊन तिरपं पडलं होतं, आणि मामा पडला तोही असा पडला की कॅमेऱ्यामागचा ओकान शिट्टी वाजवणार होता. नेर्मिन म्हणाली, छान. मग तिने कॅमेरा पायाच्या बाजूला नेला.

"मामा, अजून एकदा मर."

मामा अजून एकदा मेला. मग उशाच्या बाजूने. मग लांबून, डोंगर मागे घेऊन. दर खेपेला तो आपला आपणच उठायचा, गुडघे झटकायचा आणि पुढच्या जागी जाऊन उभा राहायचा. बेकिरचं मात्र काहीतरी बिनसलं होतं. शेवटी तो ओढणी मागे सारून म्हणाला, "पोरी, पडला की उठवायचा असतो. असा टाकून पुढं जात नाहीत."

तिने त्याला समजावलं की उठवणं सगळ्यात शेवटी, एकदाच, मन लावून घेऊ. पण शेवट यायच्या आत ऊन डोंगराआड गेलं. ओकान म्हणाला, आता काही दिसणार नाही. नेर्मिनने टाळी वाजवली आणि उठवणं उद्यावर टाकलं. मंडळी शेकोटीकडे निघाली.

बेकिर जागचा हलला नाही. त्याच्या मुठीत बेदाणा होता. "मग मी असाच उठवतो. तुझा कॅमेरा बंद असू दे."

"नको हो काका. आज उठवलंत तर उद्या ती मजा येणार नाही. पहिल्यांदा उठल्यासारखं दिसलं पाहिजे ना."

बेकिरने खाली पडलेल्या मामाकडे बघितलं. पिठाने माखलेल्या तोंडातून मामा शांतपणे म्हणाला, "राहू दे रे. आपल्याच पोरीचं काम आहे." आणि तो उठून बसला.

२

संध्याकाळी हाजेर मामीने तारहानाचं गरम सूप वाढलं. दिवसभर मरून आलात, आता जेवा तरी, असं तिने नवऱ्याला सुनावलं. मामा शेगडीला चिकटून बसला होता. घोंगडं अजून अंगावरच होतं. शेगडी अशी धगधगत होती की ओकानने स्वेटर काढून ठेवला होता.

मामाच्या खांद्यावर बर्फ होतं.

नेर्मिनने आधी लक्ष दिलं नाही. सूप झालं, चहा झाला, ओकान डुलक्या काढू लागला, तरी ते होतं तसंच होतं, चिमूटभर, मोकळं. मग ती मनाशी हसली. तोंडाला फासलेलं पीठच ते, दुसरं काय असणार. मामा पाणी प्यायला आत गेला तेव्हा त्याच्या बसायच्या जागी सतरंजीवर थोडं सांडलेलं दिसलं. तिने बोट टेकवून जिभेला लावलं. पिठाची चव नव्हती. कसलीच चव नव्हती, नुसता गारवा होता, आणि बोट कोरडंच होतं.

मामी केरसुणी घेऊन आली आणि तिने ते सुपलीत भरलं. नेर्मिनकडे तिने बघितलंही नाही.

सकाळी गाडीच्या ड्रायव्हरने घाई केली. घाटावर वादळ येतंय, आत्ता निघालो नाही तर आठ-पंधरा दिवस इथेच अडकू. अंकारात हालुक तिची वाट बघत होता. तो निर्माता, माहितीपटामागचा सगळा खटाटोप त्याचा. सामान गाडीत चढवून झालं तेव्हा बेकिर चौकात उभा होता, ओढणी घडी करून काखेत. मामा घोंगडं घेऊन तयार होता. दोघंही पोटभर न्याहारी करून खेळायला आलेल्या पोरांसारखे दिसत होते.

नेर्मिन म्हणाली, रस्ता मोकळा झाला की लगेच येते, मग निवांत घेऊ. मामाने तिच्या कपाळाचं चुंबन घेतलं आणि म्हणाला, तोवर मी आहे असाच.

गाडी वळणावर आली तेव्हा तिच्या मनात आलं की पाच मिनिटांचं तर काम होतं. बेकिरने बेदाणा भरवला असता, कानात बोलला असता, आपण निघालो असतो. एवढंसुद्धा आपण म्हाताऱ्या माणसांना करू दिलं नाही. तिला वाईट वाटलं, आणि मग घाटातल्या बर्फाची काळजी लागली.

३

संकलनाची खोली अंकारातल्या एका जुन्या इमारतीत होती. खिडकीला जाड पडदा, भिंतींना कापूस भरलेल्या गाद्या, दार लावलं की स्वतःचा श्वास ऐकू येई. इथे बसून नेर्मिनने मामाला पुन्हा पुन्हा पडताना बघितलं. एका दुपारी तिला एक तुकडा सापडला जो कुणी मुद्दाम घेतलेला नव्हता. उठवणं उद्यावर टाकलं तेव्हा ओकान कॅमेरा बंद करायला विसरला होता. तिवईवर तो तसाच चालू राहिला, नेर्मिनचा आवाज येईपर्यंत: अरे बंद कर, बॅटरी वाचव. तिथे तुकडा संपत होता.

चित्रात उजवीकडे शेकोटी होती. बेकिर ओढणीखाली सिगारेट पेटवत होता. त्याच्या शेजारी मामा हात शेकत उभा होता, पाठ इकडे.

आणि चौकाच्या मधोमध, बर्फात, घोंगडं पडलं होतं.

काढून टाकलं असेल, तिने स्वतःला सांगितलं. पण शेकोटीपाशी उभ्या मामाच्या अंगावरही घोंगडंच होतं. तिने चित्र मोठं केलं. पडलेल्या घोंगड्याखालून रबरी बुटांचे तळवे बाहेर आले होते, एकाला तांबडं ठिगळ होतं. शेकोटीपाशी मामाने एक टाच उचलली, शेकायला. तिलाही तांबडं ठिगळ.

ओकानला बोलावलं. त्याने डोळे बारीक करून बघितलं आणि म्हणाला, गावातलं कुणीतरी गंमत म्हणून लोळलं असेल, तिथे सगळ्यांचे बूट सारखेच. मग तो जरा घाईने जेवायला गेला. नेर्मिनने हे पटवून घेतलं. दुसरं काय पटवून घेणार?

तिने मामीला फोन लावला. मामी म्हणाली, बरे आहेत. जेवतात. थकत मात्र नाहीत, दिवसभर लाकडं फोडली तरी धाप लागत नाही. "हाक मारली तर ओ देतात गं. पण आधी आजूबाजूला बघतात, हाक कुणाला मारली म्हणून." ती पुढे म्हणाली, अंथरुणात त्यांची बाजू गरम होत नाही. मी दोन वाकळा घालते. मग तिने विचारलं, रस्ता मोकळा झालाय, कधी येतेस? नेर्मिन म्हणाली, आलेच.

हालुकने तो तुकडा बघितला आणि खुर्चीवरून उठलाच. त्याच्या मते हाच शेवट. मरणाऱ्या संस्कृतीचं याहून बोलकं चित्र मिळणार नाही. नेर्मिन म्हणाली, पण खेळात तो उठतो. हालुक हसला. उठवलंस तर त्याचा तमाशा होईल, लोक हसत घरी जातील. असा पडलेला ठेवलास तर रडत जातील.

नेर्मिनला त्याचा राग आला, आणि त्याचं म्हणणं खरं आहे हेही तिला लगेच कळलं. शेकोटी तेवढी खटकत होती. मग तिने स्वतःच्या हाताने चित्राची उजवी कड आत ढकलायला सुरुवात केली. आधी जाळ गेला, मग बेकिर, मग हात शेकणारा मामा. उरलं बर्फ आणि त्यात पडलेलं घोंगडं. ती बराच वेळ बघत राहिली. चित्र सुंदर झालं होतं. तिने ते तसंच ठेवलं.

४

गावातलं बर्फ वितळलं, कोकरं जन्मली, तरी नेर्मिन गेली नाही. आवाजाचं काम होतं, उपशीर्षकं होती, अनुदान देणाऱ्यांच्या बैठका होत्या. ही सगळी कारणं खरी होती, एकही बनवलेलं नव्हतं. तरी मामीचा नंबर फोनवर दिसला की ती तो वाजू द्यायची.

एक दिवस नंबर अनोळखी होता म्हणून तिने उचलला. पलीकडे बेकिर काका होता. तो उगाच फोन करणाऱ्यातला माणूस नव्हता. त्याने आधी तिची, मग ओकानची, मग अंकाराच्या हवेची चौकशी केली, आणि मग म्हणाला की चौकातलं बर्फ सगळं गेलंय, एक लांबट तुकडा तेवढा राहिलाय.

ती म्हणाली, सावलीत असेल.

"चौकात कसली सावली, पोरी? पोरं चेंडू खेळतात तर त्याला वळसा घालून पळतात. कुणी सांगितलेलं नाही त्यांना. दुर्मुश दिवसातून एकदा तिथं येऊन उभा राहतो. बघतो नि घरी जातो. मला बघवत नाही गं आता."

काका, तुम्ही उठवून टाका त्याला, असं ती म्हणाली, आणि म्हणताना तिला खरोखर हायसं वाटलं.

"मला एकट्याला ते जमायचं नाही. ज्या दारात पडतो त्या घरच्या बाईनं हातानं द्यावं लागतं, तेव्हा उठतो. आणि तो काही माझ्या दारात पडलेला नाही. चौकात खेळ तू मांडलास, तुझ्या दारात पडलाय तो. मूठभर बुलगुर आण. काहीही आण. पण ये."

रात्रीच्या बसने निघाली असती तर सकाळी पोचली असती. तिने तसं म्हणायला तोंड उघडलंही. पण तोंडातून निघालं ते वेगळंच. माहितीपटाचा पहिला खेळ पुढच्या महिन्यात आहे, तो झाला की येते. आणि हे उठवणं आजवर कुणीच नीट टिपलेलं नाही, काका, तेव्हा तेवढे दिवस थांबा. मी कॅमेरा घेऊनच येते.



"बरं," बेकिर म्हणाला. "थांबतो."

फोन ठेवल्यावर नेर्मिनला स्वतःची शिसारी आली. तरीही तिने ओकानला त्या तारखा मोकळ्या ठेवायला सांगितल्या.

५

पहिल्या खेळाला मामा आला. बोलावलं तिनेच होतं, हालुकच्या आग्रहाने, पण तो येईल असं तिला वाटलं नव्हतं. दाराशी तो लग्नातला कोट घालून उभा होता, हातात मामीने दिलेली लोण्याची बरणी. तिने त्याचा हात हातात घेतला आणि पटकन सोडला.

प्रवास कसा झाला, तिने विचारलं. मामा म्हणाला, चांगला. मग बेकिर काका कसे आहेत, म्हणून विचारलं.

"परवा माती दिली त्याला. अंगणात ओढणी वाळत घातली होती, ती काढायला गेला नि बसलाच." मामाने हे हवापाण्याची गोष्ट सांगावी तसं सांगितलं. "तुला कळवू नका म्हणाली तुझी मामी. खेळाच्या तोंडावर कशाला."

सभागृह भरलं होतं. लोक तिचं अभिनंदन करत होते, हालुक कुणाकुणाशी ओळखी करून देत होता, आणि नेर्मिनला एवढंच ऐकू येत होतं की कानात सांगायचे ते शब्द आता जगात कुणालाच ठाऊक नाहीत. इतकी यंत्रं घेऊन गेलो, गावातली कुत्रीसुद्धा ध्वनिमुद्रित केली, आणि ते चार शब्द घ्यायचे राहिले. घ्यायचे राहिले कसले, आपण म्हणालो थांबा, आणि तो बिचारा थांबला. तिला ओरडून सगळ्यांना घरी पाठवावंसं वाटलं. ती मामाशेजारी जाऊन बसली.

अंधार झाला. मामाला माहितीपट आवडला. स्वतःला नवरीमागे धावताना बघून तो मांडीवर थाप मारून हसला. बेकिर लाजला तेव्हा तर त्याच्या डोळ्यांत पाणी आलं. मग तो पडू लागला. पायाच्या बाजूने, उशाच्या बाजूने, लांबून. मामाचं हसणं थांबलं. दर वेळी तो वाट बघत होता आणि दर वेळी दुसरंच काहीतरी सुरू होत होतं.

शेवटचं चित्र आलं. बर्फ, घोंगडं, शांतता. मागे कुणीतरी नाक ओढलं.

मामा तिच्याकडे झुकला. "आता उठवतील, नाही का?"

हे चित्र तिने इतक्यांदा बघितलं होतं की वाऱ्याने उडणारा बर्फाचा कण न् कण तिला पाठ होता. वारा येई, घोंगड्याची कड थरथरे, पुन्हा वारा येई, आणि काळोख होई.

वारा आला. घोंगड्याची कड थरथरली.

उजवीकडून, जिथे तिने कड आत ढकलली होती तिथून, लाल ओढणी चित्रात आली.

कुणीही दचकलं नाही. लोकांना वाटलं असंच आहे. नवरी जड पावलांनी, दमलेल्या म्हाताऱ्यासारखी चालत मधोमध आली आणि गुडघ्यांवर बसली. ओढणी खालपर्यंत होती, तोंड दिसत नव्हतं. तिने मूठ उघडली, घोंगड्याची कड उचलली, आत हात घातला. नेर्मिनच्या दंडावर मामाचा हात होता. तो हात कोमट झाला. मग ऊन झाला, माणसाच्या हातासारखा. मामाचा श्वास तिला ऐकू येऊ लागला, धाप लागल्यासारखा, आणि तो नव्हता इतके दिवस हे तिला तेव्हा कळलं. मामा खुर्चीतून थोडा उचलला गेला. नवरी खाली वाकली, कानाशी. ओढणी ओठांपाशी हलली.

आणि काळोख झाला, जिथे तिने घातला होता तिथेच.

दंडावरचा हात गार पडला. टाळ्यांचा कडकडाट सुरू झाला. नेर्मिन लोकांचे पाय तुडवत मागे धावली, जिना चढली, यंत्रखोलीचं दार ढकललं. पुढे चालवा, ती म्हणाली, थांबवू नका, पुढे चालवा. यंत्रावरचा माणूस घाबरून उभा राहिला. त्याने छोट्या पडद्यावर शेवट मागे नेऊन दाखवला. बर्फ, घोंगडं, काळोख. चित्रात कुणीही येत नव्हतं. त्याने पुन्हा दाखवला.

"पुढं काही नाहीये, बाई," तो हलकेच म्हणाला. "तुम्हीच इथं संपवलंय."

खोलीच्या काचेतून खाली दिवे लागलेले दिसत होते. हालुक मंचावर होता. तो सांगत होता की खुद्द आपले कोसे आज आपल्यात आहेत, त्यांनी कृपया उभं राहावं, म्हणजे सगळ्यांना त्यांना बघता येईल. सभागृह उभं राहून टाळ्या वाजवू लागलं. माणसं वळून वळून हसऱ्या तोंडाने वाट बघत होती. मामा तेवढा बसून होता. तो मान वळवून वर काचेकडे, तिच्याकडे बघत होता, ती कधी सांगते म्हणून.